कोपऱ्यावरच्या बंगल्यातली स्ट्रॉबेरी

"अगं शुभदा, जरा इकडे कुंपणाशी ये. आधी हात पूस. एक वस्तू दाखवायचीय."

"आले, काकू. काय हो?"

"काल कोपऱ्यावरच्या बंगल्यात संक्रांतीचं हळदीकुंकू झालं. तू नव्हतीस. तिळगूळ, वाण सगळं नेहमीचंच, पण वर ही चॉकलेटात बुडवलेली स्ट्रॉबेरी! एक तिथेच खाल्ली, एक नातवासाठी कागदी रुमालात गुंडाळून आणली."

"नातवासाठी! मग अजून तुमच्याच हातात कशी?"

"तो शाळेत गेलाय. तू मुद्द्यावर ये. तिथली बाई म्हणते, घरी केली. मला नाही बाई पटत. सरळ बेकरीतून आणलीय. तू चॉकलेटचा क्लास केलायस, तूच सांग."

"बघू... काकू, हिच्यावर पांढरट चट्टे आलेत."

"तेच म्हणते मी! शिळी आहे. बुरशी धरलीय."

"बुरशी नाही हो. बोटानं हळूच चोळा. गेलं ना? कोको बटर आहे ते. चॉकलेट वितळवलं आणि तसंच फळ बुडवलं, की त्यातलं कोको बटर मनाला येईल तसं गोठतं आणि वर येऊन बसतं. ते सहा तऱ्हांनी गोठू शकतं. चकाकी आणि टक्कन तुटणारं कवच हवं असेल तर त्यातली एकच तऱ्हा उपयोगाची. ती साधायची म्हणजे टेंपरिंग करायचं."

"काल माझ्या बोटांनाही सगळं लागलं. पदराला डाग पडला तो वेगळाच."

"म्हणजे टेंपरिंग केलेलंच नाही. डार्क चॉकलेट ४५ अंशांपर्यंत वितळवायचं, २७-२८ वर उतरवायचं आणि पुन्हा ३१-३२ वर आणायचं. घरी याहून सोपी युक्ती आहे. चॉकलेट बारीक चिरायचं. दोन हिस्से गरम पाण्यावर भांडं ठेवून वितळवायचे, मग खाली उतरवून उरलेला हिस्सा थोडाथोडा घालत ढवळत राहायचं."

"आणि अंश कशानं मोजायचे? ताप बघायच्या थर्मामीटरनं?"

"ओठाखाली थेंब लावून बघायचा. किंचित गार लागला पाहिजे. अंगाची ऊब त्याहून जास्त असते ना. मग सुरीच्या टोकाला थोडं लावून ठेवायचं. पाचेक मिनिटांत चकचकीत सुकलं, की बुडवायला घ्यायचं."

"मी असते तर चमचाभर तूप घातलं असतं. तुपानं कशालाही चकाकी येते."

"पातळ होईल, पण कवच मऊ पडेल. लगेच हाताला लागेल. आणि पाण्याचा तर थेंबही नको. गरम पाण्यावर भांडं ठेवलं तरी झाकण ठेवायचं नाही. वाफेचे थेंब आत पडले की साखरेचे कण भिजून एकमेकांना चिकटतात आणि सगळ्याचा घट्ट गोळा होतो. मग आणखी गरम दूध घालून सॉस करावा, बुडवण्याचं नाव काढू नये."

"आणि हिच्या खाली हे पाणी कसलं साठलंय?"

"स्ट्रॉबेरीत नव्वद टक्क्यांहून जास्त पाणीच. धुतल्यावर नीट कोरडी केलेली दिसत नाही. सुती फडक्यावर पसरून पंख्याखाली ठेवायला हवी, देठाशी पाणी राहतं तेही टिपायला हवं. देठ मात्र काढायचं नाही. धरायला बरं पडतं आणि तिथून रसही गळत नाही. फ्रीजमधून काढून गारेगार बुडवली असेल तर आणखी पंचाईत. तिला घाम सुटतो, आणि फळ कोमट झालं की कवच तडकतं."

"अननस बरा मग. भरपूर आणि स्वस्त."

"तो तर सगळा कापलेलाच, रस गळतच राहतो! संत्र्याची फोड घ्या. पापुद्रा फाटला नाही तर आतला रस आतच राहतो. सुकं अंजीर तर सगळ्यात सोपं, आणि टिकतंही. स्ट्रॉबेरी ज्या दिवशी केली त्याच दिवशी संपवावी."

"मला तर मुळात पटतच नाही. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला २०१० साली भौगोलिक मानांकन मिळालं. आपल्याकडे वाईत ती पसरणी घाट उतरून ताजी येते. तिला चॉकलेटात कशाला लपवायची?"

"आंबट निघाली की लपवायला बरी! डार्क चॉकलेटचा कडूपणा आणि तिचा आंबटपणा, दोन्ही छान जमतात. तुम्ही एक खाऊन दुसरी आणलीतच की."

"ते राहू दे. निकाल सांग. बेकरीतली की नाही?"

"घरचीच, काकू. बेकरीत बहुधा कंपाउंड वापरतात. त्यात कोको बटरऐवजी वनस्पती तूप असतं. पाकिटावर हायड्रोजनेटेड व्हेजिटेबल फॅट लिहिलेलं असतं बघा. त्याला टेंपरिंग लागत नाही, नुसतं वितळवा आणि बुडवा. ते असतं तर असे चट्टे एका रात्रीत आले नसते. हिनं खरं कोको बटरवालं चॉकलेट आणलंय. महाग असतं ते."

"म्हणजे स्वतः केलं, आणि तेही महागाचं चॉकलेट आणून?"

"हो. फक्त टेंपरिंग राहिलं आणि फळं ओली राहिली."

"अगं बाई! आणि मी सकाळपासून अख्ख्या गल्लीत सांगून आले, बेकरीतली आहे म्हणून."

"मग आता परत फेरी मारा, खरं काय ते सांगा."

"सांगते ना. काय घाबरते की काय मी? सांगते, बाईंनी सगळं घरीच केलं हो, चॉकलेटही भारीतलं आणलं... फक्त फळं पुसायचा कंटाळा केला."