घरबसल्या इटालियन

माझ्या इटालियनच्या पुस्तकात इटालियन सोडून दुसरी भाषाच नाही. शब्दार्थ नाहीत, नियम नाहीत, खुलासे नाहीत. तर्खडकरांच्या भाषांतर पाठमालेवर पोसलेल्या आमच्यासारख्यांना हे म्हणजे विहिरीत ढकलून वरून शुभेच्छा देण्यासारखं.

पद्धत तशी जुनीच. 1878 साली अमेरिकेतल्या प्रॉव्हिडन्स गावी मॅक्सिमिलियन बर्लिट्झ यांनी भाषाशाळा काढली. फ्रेंच शिकवायला निकोलस जोली हा मदतनीस त्यांनी पत्रावरूनच नेमला. तो आल्यावर कळलं, त्याला इंग्रजीचा गंध नाही. त्यात बर्लिट्झच आजारी पडले. जोलीने वस्तू दाखवत, हातवारे करत वर्ग रेटला, आणि मालक बरे होऊन येतात तो विद्यार्थी फ्रेंचमध्ये गप्पा मारतायत, अशी कथा सांगतात. एका चुकीच्या भरतीतून जगप्रसिद्ध पद्धत निघाली! आमच्या ऑफिसात अशा भरत्या ढिगाने झाल्या. निघाल्या त्या फक्त चौकश्या.

लहान मूल शिकतं तसं शिका, असा या मंडळींचा आग्रह. पण मूल नुसतं 'पपा' म्हणालं तरी घरदार टाळ्या पिटतं. मी दिवाणखान्यात उभा राहून 'ला माम्मा ए इन काझा' असं खणखणीत म्हटलं, तर आतून आईने विचारलं, "कुठला मामा आलाय रे?"

वस्तूंचं सोपं असतं. समासात टेबलाचं चित्र, म्हणजे टेबल. पण 'तरीसुद्धा'चं चित्र कोण काढणार? 'जणू'चं? असे शब्द पानोपानी नुसते आडवे जातात, आणि एके दिवशी अचानक ओळख दाखवतात. तो आनंद मात्र खरा. तर्खडकरांनी तो कधी दिला नव्हता.

लिंगांच्या बाबतीत मी निर्धास्त होतो. मराठीत तीन सांभाळणाऱ्याला इटालियनमधली दोन काय जड? पण अंडं बिलंदर निघालं. एक असलं की पुल्लिंगी, दोन झाली की स्त्रीलिंगी! हाताच्या बोटाचंही तेच. लॅटिनमधल्या नपुंसकलिंगाची ही मागे राहिलेली खोड, पण हे पुस्तक सांगेल तर शपथ. ते निर्विकारपणे एक अंडं दाखवतं, मग दोन दाखवतं. मी तासभर दोन्ही चित्रांत फरक शोधत बसलो होतो.

सध्या आदरार्थाचा धडा चालू आहे. परक्या माणसाला मान द्यायचा तर 'लेई' म्हणायचं, म्हणजे चक्क 'ती'. समोर झुपकेदार मिशांचे न्यायाधीश असले तरी क्रियापद तृतीयपुरुषी एकवचनी. एवढा एक धडा बायकोला मनापासून आवडला. परवापासून ती स्वयंपाकघरातून मोठ्या आदराने विचारते, "ती जेवायला येतेय, की अजून अंडीच बघत बसलीय?"