सद्गुणी खातं, अवगुणी खातं

प्रत्येक घराण्याच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक सत्शील काका असतातच. पहाटे विठोबा, मागोमाग गुलाब, त्याच्या मागोमाग सुविचार. डीपीत फेटा, अबाउटमध्ये 'आनंदी राहा'.

हेच काका रात्री गोळ्या घेऊन झाल्या की इन्स्टाग्रामवर 'खलनायक_डोंबिवलीकर' होतात. डीपीत गॉगल लावलेला सिंह. बायोत लिहिलंय, 'सभ्य माणसांनी लांब राहावे, ही विनंती.' 2018 मध्ये इन्स्टाग्रामने 'क्लोज फ्रेंड्स' आणलं आणि काकांच्या खलप्रवृत्तीला आडोसा मिळाला. हिरव्या कडीतली स्टोरी निवडक मंडळींनाच दिसते. काकांच्या यादीत ऑफिसातले दोघे आणि फोनची सेटिंग्ज लावून देणारा पुतण्या.

2016 च्या अखेरीस कर्मिट बेडकाचं मीम गाजलं होतं. साधा कर्मिट आणि समोर काळ्या टोपड्यातला, वाईट सल्ला देणारा, हुबेहूब त्याच्यासारखाच बेडूक. पुतण्याने ते दाखवल्यावर काकांनी बायकोची काळी शाल डोक्यावरून घेऊन सेल्फी काढला. वर ओळ टाकली: 'मी: साखर बंद. आतला मी: श्रीखंड वाटीने कशाला, डब्यानेच घे.' सैतानाच्या मागे देवघर, समई आणि अष्टविनायकांचं अर्धं कॅलेंडर.

काकांचा दुष्टपणा एवढाच. अंपायरला 'अहो गाढव' म्हणतात आणि खाली 'राग नसावा' लिहितात.

खरी दहशत सद्गुणी खात्याची. तिथे पुतणीला चारचौघांत विचारणा होते, 'यंदा तरी पेढे ना?' पुढे जोडलेले हात. चुलतभावाच्या नव्या फ्लॅटला 'छान. लांब आहे, पण छान.' आणि मधुमेहावर भेंडीचं पाणी, तेही डॉक्टर असलेल्या सुनेला टॅग करून.

परवा खात्यांचीच अदलाबदल झाली. मुंजीतल्या जेवणावरचा खलनायकी शेरा थेट घराण्याच्या ग्रुपवर पडला: 'मठ्ठा नव्हता, ताकाने आंघोळ केलेलं पाणी होतं. राग नसावा.' काकांनी घाईघाईत 'डिलीट फॉर एव्हरीवन' दाबलं. पण तोवर बऱ्याच जणांनी तो वाचला होता. वर 'हा मेसेज डिलीट केला' ही पाटी, म्हणजे न वाचलेल्यांनाही उत्सुकता.

ज्या ग्रुपवर विठोबालाही दोनच अंगठे मिळायचे, तिथे हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग लागली. यजमानीण वहिनींचं उत्तर शेवटी आलं: 'भावोजी, आधी नाही का सांगायचं? आज सकाळीच केटररचे पूर्ण पैसे देऊन बसले!'