आधी बेरीज, मग निकष

गुण मनाला येतील तसे द्यायचे नाहीत, निकष लावून द्यायचे, हे आमच्या शाळांत २०१० पासून ठरलेलं आहे. सातवीला आकारिक मूल्यमापनाचे गुण ४० आणि साधनं आठ : दैनंदिन निरीक्षण, तोंडीकाम, प्रात्यक्षिक, उपक्रम, प्रकल्प, चाचणी, स्वाध्याय आणि इतर. ‘इतर’मध्ये काय येतं, हे विचारायचं नसतं.

हेतू सोन्यासारखा. पोराचं आडनाव, अक्षर आणि बापाचा हुद्दा बाजूला ठेवून कामाकडे बघा, म्हणून तर हे रकाने आखले. पण तक्ता उद्या द्यायचा असतो आणि वर्गात पोरं साठ असतात. मग मुरलेला मास्तर शेवटचा रकाना आधी भरतो. ‘हा ३५चा गडी.’ ते ३५ नंतर आठ घरांत रेशनसारखे वाटायचे. बेरीज ३४ भरली, तर प्रकल्पाला एक वाढवायचा. थर्माकोलचा ज्वालामुखी काही तक्रार करत नाही.

वर्णनात्मक नोंदींची तयार पुस्तकं बाजारात मिळतातच. म्हणून मुलीच्या नावापुढेही ‘समर्पक उत्तरे देतो’ असतं. आणि दिवाळीपासून आईबापांबरोबर ऊसतोडीला गेलेल्या पोरापुढे ‘गटकार्यात आनंदाने सहभागी होतो’.

तेही खोटं कसं म्हणावं? कोयत्याच्या टोळीत तो असतोच की. फक्त त्या कामाला आमच्याकडे रकाना नाही. फार तर ‘इतर’.