वैचारिक कपाट : मांडणी, निगा आणि खबरदारी

नव्या फ्लॅटच्या हॉलमध्ये टीव्हीची जागा ठरली की उरलेल्या भिंतीला वैचारिक कपाट करून घ्यावे. सुताराला माप देताना पुस्तकांचा विचार करू नये. आधी कपाट होऊ द्यावे, मग त्याच्या मापाची पुस्तके आणावीत. कथा-कादंबऱ्या मात्र हॉलमध्ये नकोत. त्या घरातली माणसे वाचतात, आणि वाचलेले पुस्तक मळते.

खालच्या खणांना जाडजूड ग्रंथ लागतात. वाईला तयार झालेला मराठी विश्वकोश २० खंडांचा, महादेवशास्त्री जोशींचा भारतीय संस्कृतिकोश १० खंडांचा, केतकरांचा ज्ञानकोश २३ विभागांचा. पूर्ण संच मिळाला तर उत्तम, पण मधला एखादा खंड नसलेला त्याहून उत्तम. स्वस्तात पडतो, शिवाय पाहुण्याने विचारलेच तर सुस्कारा सोडून म्हणता येते, "एकजण घेऊन गेला, आता कुठला परत देतोय!" या घरातली पुस्तके लोक मागून नेतात, हे न सांगता सिद्ध होते. विश्वकोश इंटरनेटवर फुकट वाचता येतो, हा विषय मात्र आपण होऊन काढू नये.

तत्त्वज्ञान डोळ्यांच्या उंचीवर हवे. गीतारहस्याशिवाय कपाट पुरे होत नाही. ते टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात पेन्सिलीने लिहिले आणि १९१५ मध्ये छापून आले, एवढ्या भांडवलावर पाऊण तास सहज निघतो, कारण समोरच्यालाही बहुधा तेवढेच ठाऊक असते. तो ज्ञानोत्तर कर्माकडे वळू लागला, तर चहा टाकायला उठावे.

इतिहासाच्या खणात ग्रँट डफ ठेवावा, नावे ठेवण्यासाठी. ही वाट नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी एकोणिसाव्या शतकातच घालून दिली आहे, आणि साताऱ्याच्या या जुन्या रेसिडेंटची बाजू घेऊन भांडायला तुमच्या हॉलमध्ये कोणी येणार नाही. शिवजयंती तारखेने की तिथीने, हा प्रश्न जेवणाआधी घेऊ नये. जेवण राहून जाते.

उपयुक्त पुस्तकांचा प्रश्न नाजूक आहे. कमलाबाई ओगले यांचे 'रुचिरा' बहुतेक घरांत असतेच, पण ते हॉलमध्ये आणण्याची चूक करू नये. वाटी-चमच्याच्या मापांशेजारी हळदीचे बोट उमटलेले, फोडणीचे तेल सांडून पान आरपार दिसू लागलेले, अनारशांपाशी खूण म्हणून जुने विजेचे बिल घातलेले, पुठ्ठा सुटून दोऱ्यावर लोंबणारा. असे पुस्तक शेजारी आले की बाकीच्यांचा कोरेपणा लगेच डोळ्यांत भरतो. त्याची जागा ओट्यावर, डब्यांच्या मागे. योगासनांची आणि बागकामाची पुस्तके हॉलमध्ये चालतील. ती कोणी उघडत नाही.

निगा सोपी आहे. दिवाळीआधी एकदा कोरडे फडके फिरवावे, वाळवीसाठी कपाटाची मागची बाजू पाहावी, कडुनिंबाचा पाला ठेवावा. पुसताना पुस्तक बंदच ठेवावे.

ही शेवटची सूचना इरावती कर्व्यांच्या 'युगान्त'मुळे द्यावी लागते. १९६७ चे हे पुस्तक दिसायला बेताचे, महाभारतावरचे म्हणून शोभेलसे वाटते. पण भीष्मावरचे प्रकरण कोणी उभ्याउभ्या उघडले, की हा महात्मा दुसऱ्यांच्या घरच्या मुली उचलून आणतो आणि त्यांच्या आयुष्याचे काय झाले याची फिकीर करत नाही, असा हिशेब बाई शांतपणे मांडू लागतात. वाचणारा फडके हातात घेऊन तसाच स्टुलावर बसतो. आतून हाका येतात, त्या ऐकू जात नाहीत. पुढे गांधारी, कुंती, द्रौपदी रांगेत उभ्याच असतात, आणि त्या दिवशी उरलेले कपाट पुसायचे राहते. दर्शनी मांडणीला हे पुस्तक साफ निरुपयोगी आहे. घ्यायचेच असेल तर उशाशी ठेवा, आणि कपाटातली ती फट ज्ञानकोशाच्या एखाद्या विभागाने भरून काढा.