नोटिशीचा फोटो काढणाऱ्यास



विवाह नोंदणी कार्यालयात तुमचं स्वतःचं काही काम नसतं. तरी तुम्ही फलकापाशी थांबता, दोन वेगळ्या धर्मांची नावं असलेली नोटीस हुडकता आणि फोटो काढता. संध्याकाळपर्यंत ती मीरा-भाईंदरच्या सोसायट्यांच्या ग्रुपांवर फिरत असते: नाव, वय, व्यवसाय, राहता पत्ता, सगळं. मग मुलीच्या वडिलांना अनोळखी नंबरांवरून फोन सुरू होतात. धर्मरक्षणासाठी तुम्हाला एवढंच पुरतं: एक मोबाइल आणि परक्याच्या मुलीचा पत्ता!

1954 चा विशेष विवाह कायदा उघडून पाहिलात कधी? नोटिशीनंतर 30 दिवसांत कोणीही हरकत घेऊ शकतो, हे तुम्हाला पाठ आहे. कशावर घेऊ शकतो, ते नाही. आधीचं लग्न टिकून आहे का, वय भरलंय का, संमती देण्याइतकं मन स्वस्थ आहे का, नातं निषिद्ध आहे का, एवढंच. जात-धर्माचं नाव त्यात नाही, शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या पसंतीचंही नाही. हरकत लेखी नोंदवली जाते आणि घेणाऱ्याला तिच्याखाली सही करावी लागते. ती अवाजवी आणि सद्भावनेने न घेतलेली ठरली तर 1000 रुपयांपर्यंत खर्च अंगावर बसू शकतो. म्हणून तुम्ही कधी सही करत नाही. फॉरवर्ड करता.

(महिनाभर पत्ता फलकावर टांगणारी ही तरतूदच जायला हवी. अलाहाबाद उच्च न्यायालयाने 2021 मध्ये नोटीस प्रसिद्ध करणं जोडप्याच्या इच्छेवर सोडलं. आपल्याकडेही ते व्हावं.)

दोन सज्ञान माणसांनी लग्न ठरवलं की घरच्यांची, जातीची, पंचांची संमती लागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये शक्ती वाहिनी खटल्यात स्पष्ट सांगितलं. त्याच वर्षी केरळच्या हादियाचं उच्च न्यायालयाने रद्द ठरवलेलं लग्न सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा वैध ठरवलं. आणि डिसेंबर 2024 मध्ये, आपल्या मुंबईत? 19 वर्षांची मुस्लिम मुलगी हिंदू मुलासोबत राहायचं म्हणत होती, म्हणून तिला चेंबूरच्या सरकारी केंद्रात ठेवलं होतं. भिकारी स्त्रियांसाठीच्या केंद्रात! गुन्हा काय तिचा? मुंबई उच्च न्यायालयात न्या. भारती डांगरे आणि न्या. मंजुषा देशपांडे यांच्या खंडपीठाने, ती सज्ञान आहे, तिला हवं तिथे जाऊ द्या, म्हणून सोडलं.

याच उच्च न्यायालयाने 1887 मध्ये बालपणी लावून दिलेल्या लग्नात नांदायला नकार देणाऱ्या रखमाबाईंना नवऱ्याकडे जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असं बजावलं होतं. त्या तुरुंगाला तयार झाल्या. तेव्हाही त्यांच्यावर तुटून पडणारे संस्कृतीचंच नाव घेत होते.

तो फोटो सगळ्या ग्रुपांवरून आजच काढा. खरोखरच कायद्यात बसणारी हरकत असेल, तर विवाह अधिकाऱ्यासमोर या, नाव-पत्ता द्या, कारण लिहा आणि खाली सही करा.

कळावे.