बोईसरहून नायिका कसे व्हावे

आधी पत्त्याचं बघा. ऑडिशनच्या कॅमेऱ्यासमोर नाव, उंची आणि राहण्याचं ठिकाण सांगावं लागतं. तुम्ही 'बोईसर' म्हणालात की कॅमेऱ्यामागून प्रश्न येतो, "ये कहाँ पड़ता है?" विरारच्या पुढेही माणसं राहतात, हे अंधेरीत अजून सर्वमान्य झालेलं नाही. देशातलं पहिलं अणुवीज केंद्र १९६९ पासून तारापूरला आहे, वगैरे माहिती तिथे देत बसू नका. "मुंबईच" म्हणा. २०१३ पासून डहाणूपर्यंत लोकल आहे, त्यामुळे हे अगदीच खोटं ठरत नाही.

मग पोर्टफोलिओ. लग्नाचा फोटोग्राफर तुम्हाला केळव्याच्या सुरूच्या बागेत नेईल. झाडाला टेकवेल, ओढणी उडवायला एक पोरगा उभा करेल आणि घरी जाऊन तुमचे डोळे निळे करेल. कास्टिंगवाल्याला हवे असतात बिनमेकअपचे, साध्या भिंतीपुढचे, समोरून आणि दोन्ही बाजूंनी घेतलेले फोटो. ते आईसुद्धा मोबाइलवर काढेल. पण मग मावशीला काय दाखवणार? तेव्हा दोन्ही काढा.

पहिलं काम बहुधा साड्यांच्या कॅटलॉगचं मिळेल. दिवसभर नेसा, सोडा, पुन्हा नेसा. जिथे ब्लाउजची नक्षी महत्त्वाची, तिथे फोटो गळ्यापासून कापलेला असेल. तरीही कॉलनीत वाटायला हरकत नाही. पदर तुमचाच आहे.

सौंदर्यस्पर्धेला उभ्या राहिलात तर मनातलं बोलू नका. मधू सप्रे १९९२ च्या मिस युनिव्हर्सच्या शेवटच्या फेरीत पोचली होती. देशाची सूत्रं हातात आली तर काय करशील, या प्रश्नावर तिने मोठं क्रीडासंकुल बांधीन असं सांगितलं. मुलगी स्वतः खेळाडू. तिसरी आली. मला विचाराल तर उत्तर पहिल्या नंबराचं होतं.

'आधी मॉडेलिंग, मग मालिका, मग सिनेमा' ही शिडी नातेवाइकांनी बनवलेली आहे. सोनाली बेंद्रे मॉडेलिंगमधून थेट 'आग'मध्ये आली, १९९४ साली. मालिकेत नायिका झाली ती २०१४ मध्ये, 'अजीब दास्ताँ है ये'मधून. पुण्याची मुग्धा गोडसे २००२ मध्ये ग्लॅडरॅग्जची मेगा मॉडेल झाली आणि पडद्यावर दिसली २००८ मध्ये, 'फॅशन'मध्ये. भूमिका? मॉडेलचीच. मधल्या सहा वर्षांत "काय गं, सध्या काय चाललंय?" हा प्रश्न किती जणांनी विचारला असेल, याचा हिशेब तुम्हीच करा आणि उत्तर आतापासून पाठ करा.

खरी तालीम गाडीत होते. वर्सोव्याच्या आरामनगरात ऑडिशन द्यायची तर जाताना दोन तासांच्या आसपास, येतानाही तेवढेच. बॅगेत एक साडी, एक कुर्ता, एक जीन्स; तिथे गेल्यावरच कळतं की आज वहिनी हवी आहे की वहिनीची वैरीण. आत जाण्याआधीच दारातला मुलगा चेहरा पाहून "नॉट फिट" म्हणाला तर मनाला लावून घेऊ नका. त्याची सवय आहे ती. मालिका मिळालीच तर सेट कदाचित नायगावला, म्हणजे आपल्याच जिल्ह्यात असेल. शिफ्ट बारा तासांची, आणि शेवटची डहाणू लोकल तुमच्या क्लोजअपसाठी थांबत नाही.

उलट्या दिशेच्या गाडीत बसलात तरी घाबरू नका. घोलवडच्या पुढे उंबरगाव लागतं. १९८७ मध्ये रविवारी सकाळी सगळा देश ज्या अयोध्येला हात जोडायचा, ती रामानंद सागरांनी तिथे उभी केली होती. लंकाही तिथेच.

मानधन साधारण नव्वद दिवसांनी येतं. तोवर एमआयडीसीतली नोकरी सोडू नका.

आणि आता चेष्टा बाजूला. नोंदणी, ओळखपत्र, 'हिरोइनचा रोल पक्का' यासाठी कोणी पैसे मागितले, तर एक रुपयाही देऊ नका. खरं कास्टिंग करणारा कलाकाराकडून पैसे घेत नाही. पहिल्या ऑडिशनला घरातलं कुणीतरी सोबत न्या, आणि पत्ता हॉटेलच्या खोलीचा असेल तर जाऊच नका.