फॉरमॅट मारण्यापूर्वी वाचा

(मुलं घर सोडून गेली, पण गेमसकट कॉम्प्युटर मागे ठेवून गेली, अशा नवशिक्या पालकांसाठी)

सर्वात आधी माऊसवरचा हात काढा. 'मशीन फार स्लो झालंय हो' म्हणून ज्या गृहस्थाला तुम्ही बोलावलं आहे, त्याला सोफ्यावर बसवा आणि चहा द्या. चहाबरोबर चिवडाही द्या, म्हणजे तो वीस मिनिटं जागचा हलणार नाही. पुढचं सगळं काम त्या वीस मिनिटांत उरकायचं आहे. मला ते जमलं नव्हतं, कारण घरात चिवडा नव्हता.

मार्गदर्शन करण्याचा माझा अधिकार काय, असं कुणी विचारील. मी बँकेत ३१ वर्षं काढली. त्यातली बरीच वर्षं रोज संध्याकाळी डे-एंड झालं की बॅकअपची टेप काढायची, तिच्यावर तारीख घालायची, एक कपाटात ठेवायची आणि एक शाखेबाहेर पाठवायची, हे काम माझ्याकडे होतं. एकही टेप चुकली नाही. आणि त्याच मी तीन वर्षांपूर्वी माझ्या मुलीचं शेत एका सकाळीत पुसून टाकलं.

शेत म्हणजे स्टारड्यू व्हॅली या गेममधलं. एरिक बॅरोन नावाच्या माणसाने चार वर्षांहून जास्त काळ एकट्याने खपून तो केला आणि २०१६ साली तो बाजारात आला. शहरातल्या नोकरीला कंटाळलेल्या माणसाला आजोबांची ओसाड जमीन मिळते, आणि मग नांगरा, पेरा, पाणी घाला, गाईगुरं पाळा. माझ्या आजोबांची जमीन आम्ही विकली, त्यामुळे या विषयावर घरात मी फारसं बोलत नाही.

पायरी पहिली: पाटी आणि शेत यांतला फरक

त्या सकाळी आलेल्या माणसाने विचारलं होतं, "काही ठेवायचंय का?" मी ऐटीत म्हटलं, "डेस्कटॉपवरचं सगळं घ्या." त्याने घेतलं. गेमचं चित्रही घेतलं. फॉरमॅट झाल्यावर पेनड्राइव्हमधल्या त्या चित्रावर मी डबलक्लिक केलं, तेव्हा कॉम्प्युटरने कळवलं की हा शॉर्टकट ज्या वस्तूकडे जातो ती हलवली किंवा बदलली गेली आहे. चित्राचा आकार पाहिला तर २ केबी. सातबाऱ्याचा फोटोसुद्धा याहून जड असतो.

डेस्कटॉपवरचं चित्र ही शेताकडे जाणारी पाटी असते. आम्ही पाटी उपटून जपून ठेवली आणि शेतावर नांगर फिरवला.

कन्या फोनवर थोडा वेळ काहीच बोलली नाही. मग "ठीक आहे बाबा" म्हणाली. ते 'ठीक आहे' ऐकून मी हिशेब मांडला. या गेममध्ये सकाळी सहा ते रात्री दोन हा दिवस आपल्या घड्याळात सुमारे १४ मिनिटांचा. ऋतू चार, प्रत्येकी २८ दिवसांचा, म्हणजे वर्ष ११२ दिवसांचं. एका वर्षाला २६ तास लागतात. तिचं शेत तिसऱ्या वर्षाच्या हिवाळ्यात होतं. पंचाहत्तर तासांची मुद्दल, व्याज सोडून.

आणखी एक फरक समजून घ्या. गेम स्वतः कितीही जीबीचा असो, तो गेला तरी पुन्हा उतरवता येतो. आपण खेळलेलं जिथे लिहिलं जातं ती फाइल, जिला मुलं 'सेव्ह' म्हणतात, ती मात्र जगात एकच असते. बहुधा काही एमबींची. अख्ख्या कॉम्प्युटरमध्ये जिची नक्कल दुसऱ्या कुणाकडेही नाही अशी हीच वस्तू, आणि नेमकी तीच लपवून ठेवलेली असते.

पायरी दुसरी: शोध

एका घरातल्या सगळ्या किल्ल्या एका खुंटीला असाव्यात असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्ही गेम बनवणारे नाही. मायक्रोसॉफ्टने विंडोज व्हिस्टाबरोबर 'सेव्ह्ड गेम्स' या नावाचं खास फोल्डर प्रत्येकाला दिलं. ते उघडा. बहुतेक वेळा रिकामं असतं. सरकारी तक्रारपेटीसारखं ते तिथे आहे, इतकंच.

मग 'डॉक्युमेंट्स' बघा. त्यात 'माय गेम्स' सापडलं तर नशीब चांगलं. स्कायरिम, टेरारिया अशी मंडळी तिथे राहतात. जीटीए व्हाइस सिटीसारखे जुने गेम 'डॉक्युमेंट्स'मध्येच स्वतःच्या नावाचं फोल्डर थाटतात. आमच्या पुतण्याने त्यातल्या आठही जागा भरून ठेवल्या होत्या आणि आठही ठिकाणी तो त्याच एका मिशनला अडकला होता. ती प्रत घेतली नसती तरी चाललं असतं, पण तुम्ही घ्या. कुठलं व्हाउचर कामाचं ते आपण ठरवायचं नसतं.

इथे एक सापळा आहे. 'डॉक्युमेंट्स' हल्ली पुष्कळ मशीनवर गुपचूप वनड्राइव्हच्या आत सरकलेलं असतं. वर पत्त्याच्या पट्टीत 'वनड्राइव्ह' दिसलं तर घाबरू नका, पण लिहून ठेवा, नाहीतर नंतर दोन 'डॉक्युमेंट्स' सापडतील आणि एकात मागच्या वर्षीचा खेळ असेल.

पायरी दुसरीच, अजून

इथे सापडलं नाही ना? मग खऱ्या कपाटाकडे चला. कीबोर्डवर विंडोजची खूण असलेलं बटण दाबून धरा आणि आर दाबा. कोपऱ्यात 'रन' नावाची छोटी चौकट येईल. तिच्यात टक्क्याचं चिन्ह, लगेच ॲपडेटा हा शब्द इंग्रजीत, आणि पुन्हा टक्क्याचं चिन्ह असं टाइप करून एंटर दाबा. दोन टक्क्यांच्या मध्ये ठेव कशाला ठेवलीय, ते मला विचारू नका. पण ठेव तिथेच असते.

उघडलं त्याचं नाव 'रोमिंग'. एक पायरी वर गेलात तर त्याची दोन भावंडं दिसतील, 'लोकल' आणि 'लोकललो'. ही तिन्ही ज्या 'ॲपडेटा' फोल्डरात आहेत ते मुळात अदृश्य असतं. 'व्ह्यू'मध्ये जाऊन 'हिडन आयटम्स'वर खूण केल्याशिवाय ते दिसत नाही, म्हणून आमच्यासारखे लोक आयुष्यभर त्याच्यावरून चालत जातात. तिघांत कोण कुठे उतरतं याचा साधारण अंदाज असा: माइनक्राफ्टची जावा आवृत्ती 'रोमिंग'मध्ये, नावाआधी टिंब असलेल्या फोल्डरात. युनिटीवर बनलेले पुष्कळ गेम, उदाहरणार्थ हॉलो नाइट, 'लोकललो'मध्ये, आणि तेही गेमच्या नव्हे, कंपनीच्या नावाखाली. अनरियलवर बनलेले पुष्कळसे 'लोकल'मध्ये. स्टारड्यू 'रोमिंग'मध्ये. त्याच्या फोल्डरात 'सेव्ह्ज', आणि त्यात मुलीचं नाव, खाली पाडलेली रेघ आणि पुढे भलामोठा आकडा. दुसऱ्या फॉरमॅटआधी कन्येच्या नव्या शेतासाठी हे शोधलं, तेव्हा पाहताक्षणी खाते क्रमांक ओळखीचा वाटला.

आतली मोठी फाइल मी कुतूहलाने नोटपॅडमध्ये उघडली. वाचता येते! सगळी इंग्रजी अक्षरांतली खातेवही. कोठारात काय आहे, कुणाशी मैत्री किती, आणि एका ठिकाणी कंसात 'मनी' आणि पुढे रक्कम. ती रक्कम तिथल्या तिथे वाढवता येईल हे लक्षात आलं आणि मी फाइल जतन न करता बंद केली. लेजरमध्ये खाडाखोड हा माझा प्रांत नाही.

अजूनही हाती काही लागलं नसेल तर गेम फार जुना असेल. जुने गेम स्वतः बसले असतील तिथेच, 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये, सेव्ह लिहीत. व्हिस्टापासून विंडोजने तिथे लिहायला मज्जाव केला, पण गेमला तसं सांगितलं नाही. गेम लिहितो प्रोग्रॅम फाइल्समध्ये, विंडोज ते परस्पर उचलून 'लोकल'मधल्या 'व्हर्च्युअलस्टोअर'मध्ये ठेवतं, आणि दोघेही खूश राहतात. अशा शाखेत मी काम केलं आहे. काही गेम तर सेव्ह रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या खास दप्तरात लिहितात. तिथे हात घालू नका. लुडुसावी नावाचा एक फुकट प्रोग्रॅम आहे, तो रजिस्ट्रीसकट बहुतेक गेमचे सेव्ह शोधून एका जागी आणतो. हे सगळं सोपं करणारी वस्तू पायरी दुसरीच्या शेवटी का सांगतो आहे? कारण मलाही ती शेवटीच कळली.

मॅकवाल्यांनी 'लायब्ररी' बघावं. तेही लपवलेलंच असतं.

पायरी तिसरी: क्लाउडवर विसंबून राहणारे

कन्या म्हणेल, "स्टीमवर आहे बाबा, क्लाउडवर जातं." २००८ पासून स्टीमवर, म्हणजे गेम विकणाऱ्या त्या ऑनलाइन दुकानात, ही सोय आहे, हे खरं. पण प्रत्येक गेमला ती नसते, आणि असली तरी बंद करता येते. पहिल्या वेळी आमच्या घरच्या इंटरनेटला कंटाळून तिने ती बंदच केली होती. शिवाय क्लाउड म्हणजे आरसा आहे. तुम्ही इकडे पुसलंत की तो तिकडेही पुसतो. फॉरमॅटनंतर कधी कधी एक चौकट येते: इथलं ठेवू की ढगातलं? तारखा वाचल्याशिवाय बटण दाबू नका. घाईत एकाने रिकामं शेत वर चढवलं आणि भरलेलं खाली आणलंच नाही. नाव सांगत नाही, कारण ते माझ्या व्याह्यांचं आहे.

पायरी चौथी: नक्कल

गेम पूर्ण बंद करा. फोल्डरवर उजवी कळ, 'कॉपी'. 'कट' नाही. कट केलंत आणि मध्येच वीज गेली तर पुढचं मी सांगायला नको. पेनड्राइव्हवर त्या दिवसाच्या तारखेचं फोल्डर करा आणि त्यात 'पेस्ट'. पुढच्या खेपेला त्याच फोल्डरावर पेस्ट करू नका, नवी तारीख घाला. बिघडलेली सेव्ह चांगलीवर चढवायला एकच क्लिक लागतो.

पीटर क्रोग या छायाचित्रकाराने लोकप्रिय केलेला एक नियम आहे: तीन प्रती, दोन वेगवेगळ्या माध्यमांवर, त्यातली एक घराबाहेर. वाचला तेव्हा ऊर भरून आला. आमचीच टेप! जागतिक बॅकअप दिनही २०११ पासून ३१ मार्चला पाळतात. वार्षिक क्लोजिंगच्या दिवशी रात्री अकरापर्यंत थांबलेल्या माणसाला हे कुणी वेगळं समजावून सांगायला नको.

पायरी पाचवी: प्रत लागते का ते बघणं

न तपासलेली टेप म्हणजे टेप नव्हे. दुसऱ्या फॉरमॅटनंतर, म्हणजे या दिवाळीत, मी गेम पुन्हा उतरवून घेतला, नवीन शेताचं फोल्डर जुन्या जागी ठेवलं, आणि गेम सुरू केला. यादीत शेत दिसलं. उघडलं. सकाळचे सहा, ग्रीष्म १७. माणूस पलंगावरून उठून उभा राहिला. इथेच गेम बंद करायचा. हे वाक्य दोनदा वाचा.

मी केला नाही. हा गेम झोपल्याशिवाय सेव्ह होत नाही. अंथरुणावर गेलं, 'हो' म्हटलं, की दिवसाचा हिशेब होऊन सगळं लिहिलं जातं. हे डे-एंड आहे हे माझ्या लक्षात आलं, आणि डे-एंड न करता उठायची मला सवय नाही. मी त्या माणसाला परत पलंगावर नेऊन झोपवलं. सहाला उठला आणि सहा वाजून दहा मिनिटांनी झोपला. दिवसाचं उत्पन्न शून्य.

रात्री कन्येचा फोन आला. पेनड्राइव्हऐवजी मी उत्साहाने तिला तीच फाइल मेल केली होती.

"बाबा, सतरा होती, अठरा कशी झाली?"

मी सांगितलं. म्हटलं, पेनड्राइव्हवर सतराची प्रत तशीच आहे, पाठवतो.

"नको, राहू दे. पण निदान गायींना तरी थोपटायचंत. रुसतात त्या."

किती आहेत म्हणून विचारलं. चार, म्हणाली, आणि त्यांची नावं सांगायला लागली. मी ती पेनड्राइव्हच्या पाकिटावर तारखेखाली लिहून घेतली.